सप्लाय चालू होता का?

मराठी विभागासाठी लेख दे, असं संपादक मंडळातल्या ताईंनी सांगितलं तेव्हा मी सरळ हात वर केले होते. दहावीपर्यंत कॉन्व्हेंट, तिथे वर्गात मराठी बोललं की पाच रुपये दंड, बारावीला मराठीऐवजी आयटी घेतलेलं... माझं मराठी म्हणजे घरी आजीशी बोलण्यापुरतं. पण ताई म्हणाल्या, "तू बोलतेस तसं लिही, र्‍हस्व-दीर्घ सर बघतील." तेव्हा सर, आधीच सॉरी! आणि वाचकहो, विषय एका इंग्रजी गाण्याचा आहे म्हणून पान उलटू नका. हे गाणं तुम्ही सगळ्यांनी ऐकलेलं आहे. नावानिशी माहीत नसेल, पण ऐकलेलं आहे.

आपल्या गॅदरिंगला फिशपॉन्ड संपले की कुठला तरी बॅन्ड स्टेजवर येतो. दोन गिटार, एक उसना कीबोर्ड, आणि माईकला चिकटून उभा असलेला, आठवडाभर दाढी न केलेला फायनल इयरचा मुलगा. तो डोळे मिटतो आणि आकाशात बघून जे किंचाळतो, ते गाणं म्हणजे 'लव्ह हर्ट्स'. प्रेम दुखवतं. मागच्या तीन वर्षांत हे गाणं तिन्ही गॅदरिंगला झालं. मोबाईलचे टॉर्च वर होतात, मागच्या रांगेतून कुणीतरी एखाद्या मुलीचं नाव ओरडतं, रेक्टर मॅडम घड्याळ बघतात. बॉईज होस्टेलमध्ये तर गिटार शिकणाऱ्याचं हे पहिलं गाणं असतं म्हणे. कारणही सोपं आहे. जी, ई मायनर, सी, डी, एवढ्या चार कॉर्ड्सवर निम्म्याहून जास्त गाणं निघतं. मधल्या भागात बी सेव्हन येतो तिथे नवशिक्यांची बोटं अडकतात. म्हणून आपले बरेच कलाकार मधला भाग गाळून पुन्हा पहिल्या कडव्यावर येतात!

मी गिटार शाळेतच शिकले, चॅपलच्या क्वायरसाठी. म्हणून बॅन्डचं नाव 'नाझरेथ' असं कळलं तेव्हा मी खरंच गोंधळले होते. नाझरेथ म्हणजे येशूचं गाव, ख्रिसमसच्या नाटकात मी चार वर्षं तिथली मेंढी झाले होते. वाटलं, भजनं गाणारा ग्रुप असेल. प्रत्यक्षात ही स्कॉटलंडमधल्या डनफर्मलीनची रॉक मंडळी निघाली. नाव घेतलं ते अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियामधल्या नाझरेथ गावावरून, आणि तेसुद्धा 'द बॅन्ड' नावाच्या बॅन्डच्या एका गाण्यात त्या गावाचा उल्लेख आहे म्हणून. सिस्टर्सना हे कळलं असतं तर...! असो.

आता मुद्द्यावर येते.

गेल्या सेमिस्टरला, सबमिशनच्या आठवड्यात, माझी रूम पार्टनर रात्री जेवली नाही. (हा लेख तिने आधी वाचला आहे. नाव लिहायचं नाही, या अटीवर 'पास' म्हणाली.) ती लातूरकडची. फार बोलत नाही. त्या दिवशी तिला एका मुलाने विचारलं होतं, व्यवस्थित, लायब्ररीच्या पायरीवर, मित्रांची गर्दी न जमवता. मुलगा चांगला आहे. तिलाही आवडतो, हे मला दोन महिन्यांपासून माहीत होतं. कारण ज्या मुलीने सहा महिन्यांत आरशात बघितलं नव्हतं ती प्रॅक्टिकलला जाताना केस विंचरायला लागली होती.

तर ती गप्प बसून होती. मी काय करावं? मी गिटार काढली. मला वाटलं, आपण हिला समजावून सांगावं. आणि समजावून सांगायला माझ्याकडे तयार काय होतं, तर हे गाणं. मी पहिलं कडवं म्हटलं, दुसरं म्हटलं, बी सेव्हनसुद्धा न चुकता वाजवला. आणि वर मराठीत भाष्य केलं, की हे बघ, शेवट ठरलेला असतो गं, आज ना उद्या त्रासच होणार, मग सुरूच कशाला करायचं?

तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुला कसं माहीत?"

"म्हणजे?"

"तुझं कधी मोडलंय का?"

मी म्हटलं, नाही.

"जमलंय का?"

तेही नाही.

"मग तुला काय माहिती गं?" असं म्हणून ती भिंतीकडे तोंड करून झोपली.

मला हा प्रश्न कुठेतरी आधी ऐकल्यासारखा वाटत होता. रात्री एकच्या सुमारास आठवलं. सेकंड इयरला झेनर डायोडचं प्रॅक्टिकल होतं. आमच्या बॅचने काय केलं हे सांगायची गरज नाही, तुम्हीही तेच केलं आहे. सीनियरची फाईल आणली, रीडिंग्ज उतरवली, एखादा दशांश इकडेतिकडे केला, ग्राफ काढला. ब्रेकडाऊन बरोब्बर जिथे यायला हवा तिथे! निष्कर्ष तर आधीच पाठ होता. सरांनी फाईल बघितली, ग्राफ बघितला, कौतुकाने मान हलवली आणि विचारलं, "रीडिंग घेताना सप्लाय चालू होता का?" आम्ही चौघी एका सुरात, "हो सर." सर म्हणाले, "कमाल आहे. या टेबलावरच्या सप्लायचा फ्यूज गेल्या आठवड्यात उडालाय."

निष्कर्ष बरोबर होता बरं का. झेनर डायोड तसाच वागतो. पण तो आमचा निष्कर्ष नव्हता.

माझं म्हणणं एवढंच आहे, की आपल्या होस्टेलमध्ये प्रेमाबद्दलचे जवळजवळ सगळे निष्कर्ष असे आहेत. विसाव्या वर्षी आपण सगळे 'शेवटी काही खरं नसतं' असं म्हणतो. व्हॉट्सॲपच्या स्टेटसवर म्हणतो, मेसच्या रांगेत म्हणतो, कुणाचं जमलं की 'किती दिवस?' म्हणून पैजा लावतो. आणि हे म्हणणाऱ्यांपैकी बहुतेकांच्या टेबलावरचा फ्यूज उडालेला आहे. आपण दुखावले जाणार हे आधीच ठाऊक असणं, याला आपण मॅच्युरिटी म्हणतो. ज्याला ते ठाऊक नाही तो बावळट. गाण्याचा मधला भागही हेच सांगतो, प्रेमात सुख शोधणाऱ्यांना तो मूर्खात काढतो. (बी सेव्हनमुळे तो भाग आपले बॅन्ड गाळतात, हा निव्वळ योगायोग.)

मग मी जरा त्या गाण्याच्याच मागे लागले. सबमिशन सोडून जे काही करावंसं वाटतं ते सबमिशनच्या आठवड्यातच, हा नियम तुम्हाला माहीत आहे.

पहिला धक्का म्हणजे हे गाणं नाझरेथचं नाहीच. सत्तरच्या दशकातलंही नाही. ते लिहिलं बूडलो ब्रायंट नावाच्या अमेरिकन गीतकाराने आणि पहिल्यांदा गायलं एव्हर्ली ब्रदर्सनी, १९६० साली. डॉन आणि फिल, दोघं भाऊ, वय तेवीस आणि एकवीस. म्हणजे आपल्या फायनल इयरपेक्षा फार मोठे नाहीत. त्यांचं ऐकलं तर तुम्हाला हसू येईल इतकं ते नीटनेटकं आहे. दोन आवाज एकमेकांना धरून, शाळेच्या गणवेशात उभे राहिल्यासारखे गातात. कुणी किंचाळत नाही. त्यात प्रेमाला चक्क स्टोव्हची उपमा आहे, तापलेला असला की भाजतो. आमच्या आजीला ही उपमा फार पटली. "बरोबर आहे, पण म्हणून कोणी स्वयंपाक करायचं सोडतं का?" असं ती म्हणाली. आजीचा मुद्दा मी लिहून ठेवला होता, तो इथे देऊन टाकते. पुढच्या वर्षी १९६१ मध्ये रॉय ऑर्बिसनने ते गायलं, पण ते रेकॉर्डच्या मागच्या बाजूला गेलं. पुढच्या बाजूला होतं 'रनिंग स्केअर्ड', आणि ते अमेरिकेत पहिल्या नंबरवर पोचलं.

आता हे बूडलो ब्रायंट कोण? मला वाटलं, हा कुणीतरी प्रेमभंग झालेला, दारूत बुडालेला गृहस्थ असणार. निघाला व्हायोलिन वाजवणारा, शास्त्रीय संगीत शिकलेला माणूस, अटलांटाच्या ऑर्केस्ट्रात वाजवलेला. १९४५ साली तो मिलवॉकी शहरातल्या एका हॉटेलात कार्यक्रमाला गेला. तिथे एकोणीस वर्षांची एक मुलगी लिफ्ट चालवायची. तिने त्याला बघितलं आणि ओळखलं. कारण आपण आठ वर्षांच्या असताना हाच माणूस स्वप्नात आला होता, असं ती पुढे आयुष्यभर सांगत राहिली! थोड्याच दिवसांत दोघं पळून गेली. लग्न झालं. तिचं नाव फेलिस. पुढे दोघं नॅशव्हिलला गेली आणि जोडीने गाणी लिहायला लागली. 'बाय बाय लव्ह', 'वेक अप लिटल सुझी' ही एव्हर्ली ब्रदर्सची गाणी या नवरा-बायकोची. १९८७ मध्ये बूडलो वारला तोवर त्यांचा संसार चालू होता. बेचाळीस वर्षं.

म्हणजे बघा. प्रेम दुखवतं, जखम करतं, त्यात सुख शोधणारे मूर्ख, हे ज्याने लिहिलं, तो स्वतः लिफ्टच्या दारात भेटलेल्या मुलीबरोबर आठवड्याचासुद्धा विचार न करता निघून गेला. आधी मला त्याचा रागच आला. वाटलं, यानेही रीडिंग्ज कॉपीच केली की! मग वाटलं, गीतकाराचं काम ते. मॅन्युअल लिहिणारा वेगळा, प्रॅक्टिकल करणारा वेगळा. फसवणूक मॅन्युअल लिहिणाऱ्याची नसते, ते वाचून 'मी केलं' म्हणणाऱ्याची असते.

एव्हर्ली बंधूंबद्दल एक गोष्ट सांगायची राहिली. त्या दोघांना खरी जखम कुठे झाली, तर एकमेकांकडून. १९७३ साली कॅलिफोर्नियात भर कार्यक्रमात त्यांचं मोडलं, एकाने गिटार फोडली आणि निघून गेला. पुढे दहा वर्षं दोघांनी एकत्र गायलं नाही. १९८३ मध्ये लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये पुन्हा एकत्र आले. प्रेमिकेपासून सावध राहा असं दोघांनी मिळून गायलं होतं, भावाबद्दल कुणी काही बोललं नव्हतं.

त्याच १९७३ च्या सप्टेंबरात ग्रॅम पार्सन्स गेला, वय सव्वीस. त्याने हे गाणं एमीलू हॅरिसबरोबर गाऊन ठेवलं होतं. रेकॉर्ड आली ती तो गेल्यानंतर, जानेवारी १९७४ मध्ये. हे व्हर्जन होस्टेलमध्ये कुणी ऐकत नाही, पण कृपा करून एकदा ऐका. त्यात दोघं एकमेकांना इशारा देत आहेत आणि आवाज मात्र एकमेकांच्या जवळजवळ सरकत जातात. शब्द म्हणतात 'येऊ नकोस', सूर म्हणतो 'ये'. मी इअरफोन लावून हे ऐकत होते आणि रूम पार्टनर ट्रेसिंग पेपरवर ग्राफ काढत होती. मी तिला एक इअरफोन दिला. तिने पूर्ण ऐकलं, परत दिला, आणि काही न बोलता ग्राफ पुढे काढायला लागली.

आणि मग नाझरेथ. १९७५ मध्ये 'हेअर ऑफ द डॉग' अल्बमच्या अमेरिकन आवृत्तीत दुसरं एक गाणं काढून त्याजागी हे घातलं. १९७६ मध्ये ते अमेरिकेत आठव्या नंबरवर गेलं. पण खरी गंमत नॉर्वेमध्ये. तिथे ते चौदा आठवडे पहिल्या नंबरवर आणि एकसष्ट आठवडे यादीत होतं! वर्षभराहून जास्त. थंडी फार असेल, दुसरं काय कारण सांगणार?

नाझरेथने स्टोव्ह काढून ज्वाला केली (आजीला हा बदल आवडला नाही). शाळेच्या गणवेशातलं गाणं त्यांनी हळू केलं, जड केलं, आणि डॅन मॅकॅफर्टीच्या हवाली केलं. आता हा आवाज. घसा सोलवटून निघावा असा. आपले गायक गॅदरिंगला ज्याची नक्कल करतात ते किंचाळणं. पण नीट ऐका, तो सुरुवातीला किंचाळत नाही. पहिली कडवी तो जवळजवळ सांगतो. आणि मग ज्या ठिकाणी शब्दांना नवीन काही सांगायचं उरत नाही तिथे तो आवाज वर नेतो आणि फाटू देतो. तो कुणाला इशारा देत नाहीये. त्याला झालेलं आहे ते तो दाखवतोय. मॅकॅफर्टी तेव्हा सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा. तब्येतीमुळे, श्वासाच्या आजारामुळे त्याने २०१३ मध्ये बॅन्डबरोबर फिरणं थांबवलं, आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये तो गेला. ज्या श्वासावर हे गाणं उभं आहे त्यानेच त्याला दगा दिला.

गाण्यातला माणूस स्वतः कबूल करतो की मी लहान आहे, पण तरी मला थोडंफार कळतं, आणि जे कळतं ते तुझ्याकडून शिकलो. हा शेवटचा तुकडा आपण सोडून देतो. त्याच्याकडे रीडिंग्ज आहेत! त्याचा सप्लाय चालू होता, त्याने शॉक खाल्लेला आहे, मगच तो निष्कर्ष लिहितोय. आपण फक्त निष्कर्ष उतरवला.

हे सगळं मी एका रात्री आमच्या विंगमध्ये भाषणासारखं सांगितलं तेव्हा सिव्हिलच्या एका मैत्रिणीने मला अडवलं. ती म्हणाली, सावध राहण्यात काय चूक आहे? आम्ही फॅक्टर ऑफ सेफ्टी घेतोच की. स्लॅबवर जास्तीत जास्त किती लोड येईल ते धरून वर आणखी मार्जिन ठेवतो. मी गडबडले. पण तिची तीच पुढे म्हणाली, "अर्थात ते बांधायचं असतं म्हणून घेतो. पडेल म्हणून बांधलंच नाही तर फॅक्टर कसला?" मला वाटतं हा मुद्दा तिच्या नावावरच असावा. मी त्यावर एवढंच म्हणेन की मेकॅनिकलवाले यात काही भर घालू शकले नाहीत.

इथे मी लेख संपवला असता. खरं तर पहिला ड्राफ्ट इथेच संपला होता, 'तेव्हा मित्रांनो, घाबरू नका' वगैरे करून. तो मी रूम पार्टनरला वाचायला दिला. तिने शांतपणे वाचला आणि म्हणाली, "छान आहे. पण हे तुझ्यासारखीसाठी आहे."

मग ती बोलली. तीन वर्षांत पहिल्यांदा एवढं बोलली. तिचे वडील शेती करतात, सोयाबीन. शिक्षणासाठी बँकेचं कर्ज आहे. मुलगा दुसऱ्या जातीचा. तिच्या एका लांबच्या बहिणीचं असंच काही घरी कळलं तेव्हा तिला बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षातून परत नेलं आणि चार महिन्यांत लग्न लावलं. "माझं मन मोडेल म्हणून मी घाबरत नाही," ती म्हणाली, "मनाचं काय, बघून घेईन. माझं इंजिनिअरिंग मोडेल. माझ्या मागे बहीण आहे, तिला बारावीनंतर पाठवतीलच असं नाही, कारण मोठीने काय केलं बघा म्हणतील."

मला काय बोलावं सुचेना. मी जिला गिटारवर 'प्रेम दुखवतं' शिकवायला बसले होते तिच्याकडे माझ्यापेक्षा कितीतरी जास्त रीडिंग्ज होती, फक्त ती तिच्या घरातल्या बायकांच्या अंगावर घेतलेली. मी शहरातली, घरी फार तर आई दोन दिवस अबोला धरेल. माझ्यासाठी दुखणं म्हणजे गाणं ऐकत पडून राहणं. तिच्यासाठी त्याची किंमत आहे, वर्षांत आणि रुपयांत मोजता येईल अशी.

म्हणून मी माझं मत थोडं बदलून लिहिते. दुखेल म्हणून न जाणं आणि हिशोब करून न जाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दुसरीला मी नावं ठेवणार नाही. तुम्हीही ठेवू नका. आपल्या वर्गातली जी मुलगी 'नाही' म्हणते तिला 'भाव खाते' म्हणणाऱ्या बॉईज होस्टेलने तर मुळीच ठेवू नयेत, आणि फिशपॉन्डमध्ये तिच्या नावाने चिठ्ठ्याही टाकू नयेत. पण पहिली, ती फॅशनची, ती गॅदरिंगच्या स्टेजवरची, तिच्याबद्दल माझं मत तेच आहे. आणि ते का आहे हे सांगायचं तर मला माझीच फाईल उघडावी लागेल.

सेकंड इयरच्या गॅदरिंगनंतर मलाही एकाने विचारलं होतं. पार्किंग स्टॅन्डपाशी. अवकाळी पाऊस पडत होता, त्याच्याकडे छत्री होती. मला तो आवडत होता. माझ्या घरी कर्ज नव्हतं, मागे बहीण नव्हती, जातीचाही प्रश्न आला नसता. मला 'नाही' म्हणायला कारण नव्हतं. पण अर्ध्या तासापूर्वीच स्टेजवर ते गाणं झालं होतं आणि मला आपण फार शहाणे आहोत असं वाटत होतं. मी म्हटलं, "कशाला? असल्या गोष्टी टिकत नाहीत." इंग्रजीत म्हटलं, ते जास्त भारी वाटतं. तो "बरं" म्हणाला. छत्री माझ्या हातात दिली आणि पावसात निघून गेला. पुढच्या वर्षी तो पास आऊट झाला. छत्री अजून माझ्या कपाटात आहे, एक काडी तुटलेली. ती त्याच्याकडे असतानाच तुटलेली होती.

मला दुःख झालं का? खरं सांगू, फारसं नाही. तेच तर वाईट आहे. दुखू नये म्हणून मी जे केलं ते यशस्वी झालं आणि माझ्या वहीत त्या पानावर काहीच नाही. ना व्होल्टेज, ना करंट. नुसता आधीच लिहून ठेवलेला निष्कर्ष.

रूम पार्टनरचं पुढे काय झालं ते विचाराल म्हणून तिच्या परवानगीने सांगते. तिने त्या मुलाला पायरीवर बोलावलं आणि सगळं सांगितलं, वडील, कर्ज, बहीण. गाण्यातलं एक वाक्य न वापरता. 'मला तू आवडतोस' हेही सांगितलं, आणि म्हणाली, आता नाही. माझी डिग्री होऊ दे, नोकरी लागू दे, तोवर आपण पायरीवर भेटू आणि अभ्यासाबद्दल बोलू. तुला थांबायचं नसेल तर तसं सांग, मला राग येणार नाही. मुलगा काय म्हणाला? म्हणाला, "डीएसपीच्या नोट्स आहेत का?" आता याला उत्तर म्हणायचं का? ती म्हणते, आहे. मुलगा थांबेल की नाही ते माहीत नाही. तिचे वडील उद्या काय म्हणतील तेही नाही. पण ती जेवते व्यवस्थित. केसही विंचरते.

आणि हल्ली ती माझ्याकडून गिटार शिकते. दुसरं कुठलं तरी सोपं गाणं घे म्हटलं तर ऐकत नाही, हेच पाहिजे, आणि तेही मधला भाग न गाळता. जी झाला, ई मायनर झाला, बी सेव्हनवर तिची बोटं अजून अडकतात. काल रात्री तिने हात झटकून बोटांची टोकं दिव्याखाली धरून बघितली. लाल झाली होती, तारांच्या रेघा उमटलेल्या.

"दुखतं गं," ती म्हणाली.

"पहिले पंधरा दिवस दुखतं," मी म्हटलं. हे मला माहीत होतं.

तिने पुन्हा बोटं ठेवली. तेवढ्यात रेक्टर मॅडमनी दार वाजवलं. अकरा वाजून गेले होते.